वार्डोचं वृत्तपत्र छापखान्यापासून शिकवा : पत्रकारिता अभ्यासमंडळांना खुलं पत्र

प्रति,
अध्यक्ष आणि सदस्य,
पत्रकारिता व जनसंवाद अभ्यासमंडळं,
महाराष्ट्रातली सर्व विद्यापीठं

सप्रेम नमस्कार.

परदेशी वृत्तपत्रांच्या घटकात नॉर्वेचा विषय बहुतेक वेळा दोन ओळींत संपतो. वृत्तपत्रस्वातंत्र्याच्या जागतिक क्रमवारीत हा देश २०१७ पासून वर्षानुवर्षं पहिला येतो आहे, आणि तिथलं सरकार छोट्या पत्रांना अनुदान देतं. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. पण त्या वाचून विद्यार्थी एवढंच म्हणतो की श्रीमंत देश आहे, त्यांना परवडतं. ही समजूत इतिहासाला धरून नाही. नॉर्वेत गावोगावची पत्रं उभी राहिली तेव्हा तो श्रीमंत नव्हता. १९०५ पर्यंत तो स्वीडनच्या राजाखाली होता. उत्तर समुद्रातलं मोठं तेल हाती लागलं ते १९६९ च्या अखेरीला, आणि अनुदानाची सुरुवातही १९६९ चीच. त्याआधीची सत्तर-ऐंशी वर्षं ही पत्रं कशावर चालली, या प्रश्नाला आपल्या अभ्यासक्रमात जागाच नाही.

म्हणून आमची विनंती अशी की हा भाग देशाचं धावतं सर्वेक्षण म्हणून शिकवणं थांबवावं. एकच छोटं पत्र घ्यावं आणि ते छापखान्यापासून शिकवावं. कागद कुठून यायचा, मजकूर जुळवायला किती वेळ लागायचा, अंक वर्गणीदाराच्या हाती कसा पडायचा, मालक कोण होता आणि जुने अंक आज कुठे आहेत, हे आधी. अग्रलेख त्यानंतर. पत्र म्हणून आम्ही 'फिनमार्कन' सुचवतो. स्थापना १८९९, गाव वार्डो.

वार्डो हे नॉर्वेचं सर्वांत पूर्वेकडचं शहर. शहर म्हणायचं ते १७८९ मध्ये तसा दर्जा मिळाला म्हणून, एरवी एका उघड्या बेटावरची मासेमारांची वस्ती. उत्तर अक्षांश ७० च्या वर. नोव्हेंबरच्या अखेरीपासून जानेवारीच्या मध्यापर्यंत सूर्य उगवत नाही. झाड जवळजवळ नाही. श्वेत समुद्राकडून रशियन पोमोर व्यापाऱ्यांची गलबतं पीठ आणि लाकूड घेऊन यायची आणि मासे भरून परत जायची. रस्ता नव्हता. समुद्राखालचा बोगदा झाला १९८२ मध्ये, तोवर बेटावर येणारी प्रत्येक वस्तू बोटीनंच यायची. राजधानीच्या पत्राचा अभ्यास करताना कागदाचा, वाहतुकीचा, उजेडाचा खर्च दिसत नाही, तो शहराच्या व्यवहारात मिसळून गेलेला असतो. वार्डोत तो एकेक करून मोजता येतो. शिकवायला हे गाव निवडण्याचं मुख्य कारण हेच.

पत्राचे संस्थापक आडाम एगेडे-निसेन हे वार्डोचे पोस्टमास्तर होते. हा योगायोग समजून पुढे जाऊ नका. त्या काळच्या नॉर्वेत पत्राची वर्गणी टपाल कचेरीत भरता यायची आणि अंक टपालानंच जायचा. किनाऱ्यावरच्या कुठल्या वाडीला बोट कधी लागते आणि वादळात कुठला टप्पा वगळते, याची सर्वांत चोख माहिती गावात पोस्टमास्तराकडे. पत्र काढणाऱ्याला लेखणीइतकीच या माहितीची गरज असते. एगेडे-निसेन पुढे स्टॉर्टिंगमध्ये, म्हणजे नॉर्वेच्या संसदेत बसले, मजूर पक्षाचे झाले आणि १९३४ ते १९४६ या काळात कम्युनिस्ट पक्षाचे अध्यक्ष होते. ट्रॉम्सोला १९०२ मध्ये 'नूर्डलिस' निघालं, ते काढणारे आल्फ्रेड एरिक्सन हे धर्मगुरू. १९०३ च्या निवडणुकीत मजूर पक्षाचे पहिले खासदार आले ते याच उत्तरेतून, कारखान्यांच्या दक्षिणेतून नव्हे. मजुरांची पत्रं कारखान्याच्या दारात जन्मली असं एक ठोकळेबाज चित्र विद्यार्थ्यांच्या मनात असतं. इथे एक पत्र पोस्टमास्तरानं काढलं, दुसरं धर्मगुरूनं, आणि वाचक होते कर्जात बुडालेले मासेमार.

१९०३ चाच जून महिना घ्या. २ जूनला मेहामन या वस्तीत मासेमारांनी देवमाशांवर प्रक्रिया करणारा कारखाना पाडून टाकला. देवमासे केपलिन नावाची छोटी मासळी किनाऱ्याकडे रेटतात आणि तिच्यामागून कॉड येतो, म्हणून देवमाशांची कत्तल म्हणजे आपल्या ताटावर घाला, असं मासेमारांचं म्हणणं होतं. पुढच्याच वर्षापासून तिथल्या किनाऱ्यावर देवमाशांच्या शिकारीला दहा वर्षांची बंदी आली. या घटनेचं वर्णन व्याख्यानात सांगून संपवू नका. हामरफेस्टचं १८६६ पासून चालत आलेलं 'फिनमार्क्सपोस्टेन', वार्डोचं 'फिनमार्कन' आणि राजधानीतलं एखादं पत्र, अशा तिघांमधली तीच बातमी विद्यार्थ्यांना शेजारीशेजारी ठेवायला सांगा. बातमी कुठल्या तारखेच्या अंकात आली, तार कुठून सुटली होती, माहिती कोणाच्या नावावर दिली आहे. कारखान्याच्या मालकाची, सरकारी अधिकाऱ्याची की मासेमाराची? एवढे तीन रकाने भरले तरी पक्षीय पत्रकारिता म्हणजे काय हे व्याख्येशिवाय कळतं.

आता छापखाना. इथे घाई करू नये, कारण जुना अंक वाचताना होणाऱ्या निम्म्या चुका छापखाना न कळल्यामुळे होतात.

चार पानी पत्र म्हणजे एक ताव, मधोमध दुमडलेला. बाहेरच्या बाजूला पान १ आणि ४, आतल्या बाजूला २ आणि ३. ताव ८४ बाय ६० सेंटिमीटरचा आणि कागद चौरस मीटरला ५० ग्रॅमचा धरला तर एका अंकाचं वजन भरतं २५ ग्रॅम, हजार प्रतींचं २५ किलो. फर्मा, म्हणजे पानाची जुळलेली चौकट, यंत्रात बसवताना आणि शाई जमवताना वाया जाणारे ताव धरून २७ म्हणा. आठवड्यातून दोनदा निघणाऱ्या अशा पत्राला वर्षाला १०४ अंकांसाठी सुमारे २.८ टन कागद लागतो. बोट वादळात अडकली तर अंक चुकू नये म्हणून तीन आठवड्यांचा साठा ठेवायचा ठरवला, तर सहा अंकांचे १६२ किलो कागद कोरड्या जागी हवेत आणि त्यांचे पैसे आधीच मोजलेले हवेत. समुद्राच्या दमट हवेत तावांच्या कडा फुगतात आणि लहरी पडतात. असा ताव यंत्रात सरळ जात नाही, छपाईत सुरकुती येते आणि सुरकुतीत अक्षरं तुटतात. स्कॅनमध्ये तिरकी पांढरी रेघ दिसली तर ती बऱ्याचदा हीच सुरकुती असते.

हातानं खिळे, म्हणजे छपाईची सुटी अक्षरं, जुळवणारा चांगला जुळारी तासाला हजार ते दीड हजार अक्षरं जुळवतो. अंकात नवा मजकूर साठ हजार अक्षरांचा असेल तर एकट्याला चाळीस ते साठ तास. छापून झाल्यावर तेच खिळे पुसून पुन्हा आपापल्या खणात सोडायचे, त्याला याच्या सुमारे चौथाई वेळ आणखी. दोन जुळारी आणि एक उमेदवार पोरगा, एवढ्यात हे बसवायचं तर दर अंकात काही भाग न मोडता तसाच ठेवावा लागतो. जाहिराती त्यासाठीच सोयीच्या. म्हणून चौथं पान महिनोन् महिने सारखंच दिसतं. विद्यार्थी लगेच लिहितो की अमुक दुकानदारानं चार महिने सलग जाहिरात दिली, म्हणजे धंदा तेजीत होता. असं म्हणायला तेवढा पुरावा पुरत नाही. जुळलेली जाहिरात जागा भरायला उभी ठेवली असेल. दुकानदारानं पैसे मोजले होते की नाही हे ठरवायला दर, मजकूर किंवा तारीख मध्ये बदलली आहे का ते पाहावं. एकदाही बदल नसेल तर निष्कर्ष काढू नये.

खिळे मोजकेच असतात. नॉर्वेजियनमध्ये सर्वांत जास्त लागणारं अक्षर ई, आणि खणात आधी तेच संपतं. म्हणून तावाची एक बाजू छापून, तिचे खिळे सोडून, मग दुसरी बाजू जुळवण्याची पद्धत छोट्या छापखान्यांत सर्रास होती. याचा परिणाम वाचणाऱ्याला माहीत हवा. ताजी बातमी पहिल्या पानावर असेलच असं नाही. बाहेरची बाजू आधी छापलेली असेल तर आदल्या रात्रीची तार दुसऱ्या किंवा तिसऱ्या पानावर सापडते. कुठली बाजू नंतर छापली हे ओळखायला चारही पानांवरच्या तारांच्या तारखा कागदावर उतरवून घ्याव्यात. ज्या बाजूला सर्वांत नवी तारीख, ती बाजू शेवटची. पहिल्या पानावर बातमी नाही म्हणून संपादकानं ती दडपली, असा आरोप हे न करता मांडलेला आपण वाचलेला असेल.

थंडीचंही यंत्राशी वैर असतं. शाईचे रूळ तेव्हा सरस आणि काकवीच्या मिश्रणाचे ओतलेले असायचे. गारठ्यात ते कडक होतात, शाई उचलत नाहीत आणि पानावर राखाडी डाग उमटतात. शेगडीजवळ जास्त वेळ राहिले तर मऊ पडून आकार सोडतात. शाईसुद्धा घट्ट होते आणि कागदाचे तंतू उपटून काढते. लोखंडी पाट आणि शिशाचा फर्मा गार असेल तर सुरुवातीच्या प्रती फिकट निघतात आणि यंत्र तापल्यावर गडद. संग्रहात जपलेली प्रत यांपैकी कुठली आहे ते कोणाला ठाऊक नसतं. जानेवारीचे अंक फिकट दिसले म्हणून स्कॅन करणाऱ्याला दोष देण्याआधी याचा विचार करावा.

पुढे ओळी ओतणारं लायनोटाइप यंत्र आलं. शिसं, अँटिमनी आणि कथिल यांचं मिश्रण सुमारे २८५ अंशांवर वितळवून ते अख्खी ओळ एका तुकड्यात ओतत असे. खिळे सोडण्याचा वेळ वाचला, कारण ओळी वितळवून पुन्हा वापरता येतात. पण एक अक्षर चुकलं तरी पूर्ण ओळ नव्यानं ओतावी लागते. दुरुस्त ओळ घाईत चुकीच्या जागी बसते, किंवा जुनी काढायची राहून जाते आणि एकच ओळ दोनदा छापली जाते, एकदा चुकीसह आणि एकदा चुकीशिवाय. एखाद्या पत्राच्या अंकांत अशा दुबार ओळी दिसू लागल्या की छापखान्यात ओळी ओतणारं यंत्र आलं असं धरायला हरकत नाही, नोंद सापडो न सापडो. ऑफसेटच्या काळात बऱ्याच छोट्या पत्रांनी स्वतःचं यंत्र सोडून दुसऱ्याच्या छापखान्याकडे पानं पाठवायला सुरुवात केली. गुणवत्ता सुधारली, छायाचित्रं आली, पण पानं बंद करण्याची वेळ काही तास अलीकडे आली, आणि रात्री उशिराची बातमी थेट पुढच्या अंकात गेली.

छापखाना कोणाचा, या प्रश्नाचं वार्डोतलं सर्वांत बोलकं उदाहरण १९०६ चं आहे. 'फिनमार्कन'च्या छापखान्यात रशियन भाषेतलं 'पोमोर' हे क्रांतिवादी पत्र आणि पत्रकं छापली गेली, आणि पोमोर गलबतांतून ती चोरून रशियात नेली गेली. शिकवताना राजकारण जरूर सांगा, पण रशियन लिपीचे खिळे वेगळे लागतात, त्यांचे खण वेगळे, आणि ते जुळवायला ती लिपी वाचणारा माणूस लागतो, हेही सांगा. मराठी खिळाछपाईतल्या जोडाक्षरांच्या अनेक खणांपुढे उभं राहून काम केलेल्यांना लिपी बदलण्याचा अर्थ समजावून सांगावा लागणार नाही.

छापखान्याचा प्रश्न उत्तरेतल्या मूळनिवासी सामी लोकांच्या पत्रालाही भोवला. फिनमार्कमध्ये, म्हणजे वार्डो ज्यात येतं त्या जिल्ह्यात, सामी आणि फिनिशला जवळची क्वेन भाषा बोलणारी मोठी वस्ती होती. १८९८ च्या सरकारी आदेशानं शाळांत त्या भाषांचा वापर आवळला आणि १९०२ च्या जमीन कायद्यानं जमीन विकत घेण्याला नॉर्वेजियन येण्याची अट घातली. आंदर्श लार्सन या सामी शिक्षकानं १९०४ मध्ये 'सागाइ मुइतालेग्ये' हे सामी भाषेतलं पत्र सुरू केलं, ते १९११ पर्यंत चाललं. त्याची छपाई दूर दक्षिणेला वेस्टरोलनमधल्या सिगरफ्योर्डला होत असे. हस्तलिखित बोटीनं खाली, अंक बोटीनं वर. तरी १९०६ मध्ये पूर्व फिनमार्कमधून इसाक साबा हे पहिले सामी खासदार मजूर पक्षातर्फे निवडून आले, त्यात या पत्राचा मोठा वाटा मानला जातो. 'फिनमार्कन'ला गावाचा आवाज म्हणताना गावात कोणकोण राहत होतं हा प्रश्न त्यामुळे अभ्यासक्रमात असलाच पाहिजे. यावर एक पूर्ण तासिका द्या.

पक्षांच्या फाटाफुटीचा भाग थोडक्यात आटोपला तरी चालेल. एकाच गावात उजव्यांचं, उदारमतवाद्यांचं आणि मजुरांचं अशी दोन-तीन पत्रं हा नॉर्वेत नेहमीचा प्रकार होता. मजूर पक्ष १९२१ मध्ये फुटला, १९२३ मध्ये पुन्हा फुटून कम्युनिस्ट पक्ष निघाला, आणि दर वेळी छापखाना कोणाकडे जाणार यावर भांडण झालं. कारण साधं आहे. नेते बाजू बदलू शकतात, यंत्र मात्र ज्याच्या नावावर आहे त्याच्याकडेच राहतं. विद्यार्थ्यांना ठरावांपेक्षा मालकीची कागदपत्रं वाचायला लावा.

९ एप्रिल १९४० ला जर्मनीनं नॉर्वेवर हल्ला केला आणि पुढे तो ताब्यात घेतला. पत्रांवर सेन्सॉर बसला, बरीचशी बंद झाली किंवा करवली गेली, १९४१ मध्ये लोकांचे रेडिओ जप्त झाले. १९४४ पर्यंत वार्डोचा बहुतेक भाग बॉम्बहल्ल्यांत आणि आगीत गेला, आणि माघार घेताना जर्मन सैन्यानं फिनमार्कमधल्या वस्त्या पद्धतशीर जाळल्या. अशा प्रदेशातलं १८९९ चं पत्र आज वाचता येतं ते कशामुळे? १८८२ च्या कायद्यामुळे. छापणाऱ्यानं प्रत्येक छापील गोष्टीची प्रत राजधानीतल्या विद्यापीठ ग्रंथालयाला द्यायची, अशी त्यात सक्ती होती. जबाबदारी संपादकावर नाही, छापखान्यावर टाकली होती, आणि आमच्या मते कायदा टिकला तो या निवडीमुळे. संपादक येतात-जातात, पत्रं बंद पडतात, छापखान्याला मात्र परवानगी, कर, पत्ता असतो. गावातले गठ्ठे जळाले, दोन हजार किलोमीटर दूरची प्रत राहिली. १९८९ मध्ये मो इ राना इथे राष्ट्रीय ग्रंथालयाचा विभाग उभा राहिला, डोंगर पोखरून केलेल्या कोठारात साठा ठेवला गेला, आणि २००६ पासून सगळंच डिजिटल करण्याचं काम सुरू झालं. भारतात पुस्तकं ग्रंथालयांना पाठवण्याचा १९५४ चा कायदा आहे, वृत्तपत्रं त्यात १९५६ मध्ये आली. जिल्हा पत्रांच्या बाबतीत तो कितपत पाळला गेला, हा तुलनेचा विषय एम. ए.च्या प्रबंधाला पुरेल.

त्या डिजिटल संग्रहावर आपले विद्यार्थी काम करू शकतात. जुने अंक इथून उघडतात, अलीकडचे मात्र हक्कांमुळे नॉर्वेतल्या ग्रंथालयांच्या संगणकांवरच. पहिलं काम शोधपेटीत शब्द टाकण्याचं नाही. आधी पत्राचं नाव आणि एकच महिना निवडून त्या महिन्याचे सगळे अंक उघडावेत आणि तक्ता करावा: तारीख, अंक क्रमांक, पानांची संख्या, प्रतीची अवस्था. ४७ नंतर ४९ आला तर ४८ हरवला आहे. क्रमांक सलग आहेत पण तारखेत आठवड्याची फट आहे, तर अंक निघालाच नाही. हे दोन वेगळे शोध आहेत. पहिला संग्रहाची कथा सांगतो, दुसरा कागदाची, संपाची किंवा वादळाची.

त्यानंतर शब्दशोध, आणि तिथे तीन सापळे आहेत. पहिला स्पेलिंगचा. १९०७, १९१७ आणि १९३८ अशा तीन मोठ्या लेखनसुधारणा झाल्या. १९१७ च्या आधी दोन ए जोडून लिहिले जाणारे शब्द नंतर वर गोल असलेल्या एकाच अक्षरानं लिहिले जाऊ लागले. जिल्ह्याच्या नावात पूर्वी एकच एन असे, नंतर दोन. म्हणून प्रत्येक शब्द जुन्या आणि नव्या दोन्ही रूपांत शोधावा. दुसरा सापळा गावांच्या नावांचा. राजधानी १९२५ च्या सुरुवातीपर्यंत क्रिस्तियानिया, नंतर ऑस्लो. त्रोंडहाइम १९३० मध्ये काही काळ निदारोस झालं आणि १९३१ मध्ये परत फिरलं. १९१९ च्या आधी जिल्ह्याला वेगळाच प्रशासकीय शब्द होता. तिसरा सापळा गॉथिक वळणाच्या जुन्या छपाईचा. तिच्यातला लांब एस यंत्राला एफ वाटतो आणि के हा टी वाटतो. मासळीला नॉर्वेजियनमध्ये 'फिस्क' म्हणतात. मासेमारांच्या गावचं पत्र आहे आणि शोधात मासळी चारच ठिकाणी सापडते, तर समजावं की यंत्रानं ती 'फिफ्ट' म्हणून वाचली आहे. अशा वेळी चुकीचं रूप मुद्दाम टाकून शोधायचं. 'शोधात सापडलं नाही' हे वाक्य प्रबंधात लिहू देऊ नका. सापडलं नाही म्हणजे छापलं नव्हतं, असं कधीच सिद्ध होत नाही.

भाषा येत नाही ही अडचण वाटते तेवढी मोठी नाही. अग्रलेख यंत्रानुवादावर सोडावे लागतील, आणि त्याआधी जुनं स्पेलिंग हातानं नवं करून घ्यावं लागेल, नाहीतर अनुवाद भरकटतो. पण बोटींच्या वेळा, माशांचे आणि पिठाचे भाव, मृत्यूच्या सूचना, लिलावाच्या नोटिसा, आभाराच्या चौकटी, हे सगळं शंभर शब्दांच्या यादीवर वाचता येतं. छोट्या पत्राचा जीव तिथेच आहे. वर्गणीदार पैसे देत होते ते बहुतांशी यासाठी.

आता अनुदान. ते शिकवायचं तर नियमांसकट शिकवा. १९६९ मध्ये ते सुरू झालं ते एकेका गावातली दुसऱ्या क्रमांकाची पत्रं धडाधड बंद पडू लागली म्हणून. पहिल्या क्रमांकाच्या पत्राकडे जाहिराती ओढल्या जातात, जाहिराती जास्त म्हणून वाचक जास्त, वाचक जास्त म्हणून पुन्हा जाहिराती, आणि दुसरं पत्र चांगलं असूनही मरतं. मदत म्हणून दिली गेली ती या दुसऱ्या पत्रांना आणि अगदी छोट्या पत्रांना. रक्कम ठरते खप आणि अंकांची संख्या यांवर, मजकुरावर नाही. फिनमार्कमधल्या पत्रांना अंक पोचवण्यासाठी वेगळी मदत आहे, कारण तिथे अंतरं भलतीच आहेत आणि घरं विरळ. याच्या बरोबरीनं अंकावर मूल्यवर्धित कर शून्य, आणि १ मार्च २०१६ पासून डिजिटल वृत्तपत्रांवरही. या करमाफीची रक्कम थेट अनुदानापेक्षा बरीच मोठी आहे, आणि तिचा सर्वाधिक फायदा मोठ्या पत्रांना होतो. अनुदानाचं कौतुक करणाऱ्या टिपणांत ही बाजू गळते. तरीही दुसरी पत्रं वाचली नाहीत. आज नॉर्वेतल्या बहुतेक छोट्या गावांत एकच पत्र आहे.

सरकारी पैसा आणि संपादकाचं स्वातंत्र्य एकत्र कसं राहतं, हा प्रश्न विद्यार्थी विचारणारच. उत्तराची सुरुवात १९५३ च्या संपादक-करारापासून करा. संपादकांची संघटना आणि मालकांची संघटना यांनी मिळून संपादकाचे हक्क आणि कर्तव्यं लिहून काढली. मजकुराबद्दलचा शेवटचा निर्णय संपादकाचा, मालकाचा नाही. २००८ मध्ये त्याला कायद्याचा आधार मिळाला आणि २०२० च्या माध्यम-जबाबदारी कायद्यात तो पुढे नेला गेला. म्हणजे ५५ वर्षं हा नुसता करार होता आणि तेवढ्यावर चालला.

मालकी मात्र गावात राहिली नाही. मजूर पत्रांची सामाईक कंपनी १९४८ मध्ये निघाली, तिची पुढे ए-प्रेसेन झाली, २०१२ मध्ये दुसरा मोठा समूह विकत घेऊन ती आमेदिया झाली, आणि २०१६ मध्ये कामगार महासंघ व टेलिनॉर ही दूरसंचार कंपनी यांचे हिस्से एका बचत-बँक प्रतिष्ठाननं घेतले. 'फिनमार्कन' वार्डोतून वाड्सोला गेलं आणि पुढे हामरफेस्टच्या 'फिनमार्क डागब्लाद' या पत्राबरोबर 'इफिनमार्क' या एका नावाखाली आलं. स्थापना झालेल्या बेटावर पत्राची कचेरी उरली नाही, हे लपवून त्याचा इतिहास शिकवता येणार नाही. तांत्रिक बदलांत छोटी पत्रं मागे होती असं मात्र नाही. नॉर्वेत इंटरनेटवर आलेलं पहिलं वृत्तपत्र ब्रनॉयसुन या गावचं, ६ मार्च १९९५ ला, राजधानीच्या 'डागब्लादे'च्या दोन दिवस आधी.

टपाल मात्र अजून आहे तिथेच दुखतं. २०१६ मध्ये शनिवारचं टपाल थांबलं, जुलै २०२० पासून पत्रं दिवसाआड येऊ लागली. शहरात अंक टाकणारी मुलं असतात, फ्योर्डच्या, म्हणजे डोंगरांत शिरलेल्या खाडीच्या, टोकाच्या घराला टपालच. पोस्टमास्तरानं सुरू केलेल्या पत्राच्या प्रदेशात सव्वाशे वर्षांनीही अंकाचं भवितव्य टपालाच्या वेळापत्रकावर ठरतं. प्रश्नपत्रिकेत एखादा मोठा प्रश्न ठेवायचाच असेल तर तो यावर ठेवा.

आमची नेमकी मागणी दहा तासिकांची आहे. चार छापखाना आणि कागदाला, तीन संग्रहात प्रत्यक्ष काम करायला, एक सामी पत्राला, दोन अनुदान, मालकी आणि टपाल यांना. परीक्षेला निबंध नको. एका महिन्याच्या अंकांचा तक्ता, कागदाचा हिशेब, कुठली बाजू शेवटी छापली याचा पुराव्यासह निष्कर्ष, आणि एका बातमीची तीन पत्रांतली तुलना, एवढं प्रत्येकाकडून घ्यावं. पहिल्या वर्षी जून १९०३ निवडावा. त्या महिन्याचे कुठल्या पत्राचे किती अंक उघडतात हे शिक्षकांनी सत्र सुरू होण्याआधी स्वतः तपासून ठेवावं. तिन्ही पत्रं मिळाली नाहीत तर दोन घ्यावीत, आणि जे अंक मिळाले नाहीत त्यांचे क्रमांक तक्त्यात रिकामे ठेवावेत.

आपले,
वृत्तपत्रांच्या इतिहासाचे काही अभ्यासक आणि शिक्षक